वाकडीचं बी

सरितानं कणीस देठापासून मोडलं, दोन्ही तळव्यांत धरून चुरडलं आणि फुंकर मारली. भुसा उडून गेला. तळहातावर काहीच उरलं नाही.

तिनं दुसरं मोडलं. मग वाफ्यात शिरून पार मधलं एक मोडलं. तेही तसंच. बाहेरून भरल्यासारखं दिसणारं, बोटांत दाबलं की कागदासारखं चपटं होणारं.

"किती बी मोड," राखणीच्या माळ्यावरून भामाबाई म्हणाली. "समदी पोचट हायेत."

फेब्रुवारी संपत आला होता. शेजारच्या रानातली ज्वारी दाण्यानं लगडली होती आणि तिच्यावर चिमण्यांचे थवे उतरत होते, उठत होते. भामाबाईच्या तुकड्यावर एकही पाखरू नव्हतं. तरी म्हातारी सकाळपासून गोफण घेऊन उभी होती आणि थोड्या थोड्या वेळानं रिकाम्या रानावर खडा भिरकावत होती.

या ज्वारीला गावात वाकडी म्हणत. दाणा भरला की कणीस मान टाकतं, पार जमिनीकडं वळतं, म्हणून वाकडी. कोरड्या सालातही ती घर जगवायची. आता ती माणसाच्या डोक्यावर उंच उभी होती आणि एकाही ताटाची मान झुकली नव्हती. वारा पडलेला होता. सरिता बाहेर येऊन बांधावर चढली तेव्हा मागं सळसळ झाली. तिला वळून बघावंसं वाटलं. तिनं बघितलं नाही.

सरिता संभाजीनगरच्या एका बियाणे कंपनीत संग्रहाचं काम बघायची. देशभरातून गोळा केलेली जुनी वाणं तिथल्या थंड खोलीत जपलेली होती. बारा वर्षांपूर्वी सोयगावजवळच्या या वस्तीतून तिनंच वाकडीचं बी नेलं होतं. त्यावरून कंपनीनं नवं वाण तयार केलं आणि आता त्याचे हक्क नोंदवायचे होते. मूळ बी कुठलं, ते अर्जात लिहावं लागणार होतं, आणि ज्या गावचं बी त्या गावच्या जैवविविधता समितीचं संमतिपत्र जोडावं लागणार होतं. मग विक्रीतला वाटा गावाला मिळाला असता. ते पत्र घ्यायला सरिता आली होती.

समितीचा अध्यक्ष रामकिसन हा भामाबाईचा भाचा. तो बांधावरूनच नोंदवही उघडत आला.

"औरंगाबादहून कुणी इचारायला येईल असं वाटलं नव्हतं मॅडम," तो म्हणाला. "पत्र देतो की. पण ह्यो रकाना बघा. वाण गावात सध्या आहे का? काय लिहू?"

"समोर उभं आहे ना."

"ताटं उभी हायेत. बी कुठंय? आन बी नाय तर वाण कसलं?"

"कधीपासून असं होतंय?"

"बारा सालं झाली. पयल्या साली माशी पडली म्हनले. दोनदा फवारलं. मंग रान बदललं. दुसऱ्याच्या रानात पेरून बघितलं. दुसरी ज्वारी भरती, हीच तेवढी भरत नाय. लोकांनी नाद सोडला. आत्याच दर साली मडक्यातलं जुनं बी काढती आन पेरती."

"तळाचं व्हतं ह्या सालचं," माळ्यावरून उतरत भामाबाई म्हणाली. "आता मडकं रिकामं हाय."

सरितानं पिशवीतून पाण्याची बाटली काढली, झाकण उघडलं आणि पाणी न पिताच परत लावलं.

म्हातारी तिच्यापुढं येऊन उभी राहिली. "तुमच्याकडं येती का ती?"

"येते, आजी."

"दाणा भरतो?"

"भरतो."

"मान टाकती?"

"टाकते."

भामाबाईनं मान हलवली, दूर गावी दिलेल्या लेकीची खुशाली ऐकावी तशी. आणखी काही तिनं विचारलं नाही. सरिता सोयगावच्या फाट्यावर येईपर्यंत तिच्या कानात तेवढे तीन प्रश्न राहिले.

दुसऱ्या दिवशी मधुसूदन सरांनी ते पोचट कणीस टेबलावर ठेवून बराच वेळ निरखलं. संशोधन विभाग तेच सांभाळत. आवाज चढवणारा माणूस नव्हता. त्यांनी सरितासाठी आधी चहा मागवला.

"म्हणजे गावात वाण नाही."

"नाही."

"मग विषय मिटला. मूळ स्रोत, कंपनीचा स्वतःचा संग्रह. असं लिहा. यात खोटं काय आहे? आज ते फक्त आपल्याकडेच आहे."

"पण आलंय तिथून, सर. पाकिटावर नाव आहे."

"नाव तुम्हीच लिहिलेलं. देणाऱ्याची सही आहे का कुठं?" ते तिच्याकडं बघत म्हणाले. "मी तुम्हाला दोष देत नाही. तेव्हा सगळे असंच आणायचे. संध्याकाळपर्यंत सही करून द्या."

सरिता थंड खोलीत गेली. दार लागल्यावर तिथं यंत्राच्या घरघरीशिवाय आवाज नसायचा. तिनं वाकडीचा कप्पा ओढला. पाकिटाच्या जागी पत्र्याचा मोठा डबा होता. नोंदीप्रमाणं आत आता नव्वद ग्रॅम बी असायला हवं होतं. पाचशे आणलं होतं, त्यातलं दर वर्षी थोडं पेरणीला काढलं होतं. डबा उचलताना तिला दुसरा हात लावावा लागला.

तिनं रिकाम्या डब्याचं वजन वजा करून काट्यावर बघितलं. दोन किलोच्या वर. तिनं डबा काढला, काटा शून्यावर आणला, पुन्हा ठेवला. आकडा तोच.

"अभय," तिनं दार उघडून हाक मारली.

अभय इथला जुना तंत्रज्ञ. तो आत आला, डब्याकडं बघितलं आणि उंबऱ्याजवळच थांबला.

"कुणी वाढवलेलं बी आणून यात ओतलं का?"

"चावी दोघांकडंच आहे मॅडम. तुमच्याकडं आन माझ्याकडं."

"मग हे काय आहे?"

"दर वर्षी असंच होतं," तो हळू म्हणाला. "फेब्रुवारीत. मी नोंदीत जेवढं पाहिजे तेवढं लिहितो. डबा तीनदा बदलला. सांगणार कुणाला? आधी मलाच इचारलं असतं, तू काय केलं म्हणून."

सरितानं झाकण काढलं. दाणे टपोरे होते, मोत्याच्या रंगाचे, कालच कणसातून काढल्यासारखे. या खोलीत कशालाच वास नसायचा. डब्यातून मात्र उन्हाचा, कडब्याचा, राखेचा वास आला. तिचं जुनं पाकीट वर घडी करून ठेवलेलं होतं. त्यावर तिचं अक्षर: वाकडी. देणार, भामाबाई. स्वखुशीनं.

बारा वर्षांपूर्वी, बी आणलं त्या दिवशी, भामाबाई घरात नव्हती. सोयगावच्या बाजाराला गेली होती. दाराला नुसती कडी होती. सरिताचे त्या दौऱ्यातले साठ नमुने पुरे व्हायचे होते, जीप उभी होती आणि चालक घाई करत होता. ती आत गेली, कोपऱ्यातल्या मडक्यात हात घातला आणि ओंजळीनं बी पिशवीत भरलं. 'स्वखुशीनं' हा शब्द तिनं अजिंठ्याकडं जाताना जीपमध्ये लिहिला. अक्षर खड्ड्यांमुळं हललेलं होतं. त्याच साठ नमुन्यांवर तिला ही नोकरी मिळाली. हे तिनं कुणालाच सांगितलं नव्हतं. वर्षं गेली तसं ते खरंच घडलं होतं का, असाही तिला कधी कधी प्रश्न पडे.

तिनं डब्याचं झाकण लावलं आणि डबा पिशवीत ठेवला. एक दाणाही मागं ठेवला नाही.

"मॅडम, गेटपास लागतो," अभय म्हणाला.

"माहीत आहे."

"नोंदीत काय लिहू?"

"मालकाकडं परत."

त्यानं पेन काढलं आणि तेच शब्द लिहिले. सरितानं खाली सही केली. मधुसूदन सरांचा अर्ज तिनं त्यांच्या टेबलावर ठेवला. स्रोताचा रकाना तिनं भरला होता. 'भामाबाई यांच्या घरातून, न विचारता.'

सकाळच्या एसटीनं सिल्लोड, अजिंठा करत ती सोयगावला पोचली. सगळा रस्ता पिशवी मांडीवर होती. वस्तीवर भामाबाई उंबऱ्यात बसली होती. सरिता तिच्यासमोर जमिनीवर बसली आणि डबा मध्ये ठेवला.

"आजी, हे तुमचं आहे. त्या वेळी मला कुणी दिलं नव्हतं. तुम्ही घरी नव्हता. मी आत जाऊन घेतलं."

"म्हायती हाय."

सरितानं मान वर केली. "कुणी सांगितलं?"

"कोन सांगंल? तू झाकणी उलटी ठेवून गेलती. आमच्या घरात कुनी तशी ठेवत नाय."

भामाबाई उठून आत गेली. सरिता मागं गेली. कोपऱ्यात मडकं होतं आणि त्यावर मातीची झाकणी, खोलगट बाजू वर.

"दर साली उघडलं, बी काढलं, आन परत तशीच ठेवली," भामाबाई म्हणाली. "जिनं उलटी केली तिनंच सुलटी करावी."

सरितानं झाकणी उचलली. आत राख होती, बाकी काही नव्हतं. तिनं डबा तिरका केला. दाणे पडू लागले. डबा केव्हाच रिता व्हायला हवा होता, पण दाणे पडत राहिले. मडकं गळ्यापर्यंत भरलं तेव्हाच डबा हलका झाला. भामाबाईनं हे काही नवल नसल्यासारखं बघितलं, दाण्यांवरून एकदा तळवा फिरवला. मग सरितानं झाकणी सुलटी ठेवली.

म्हातारी मडक्यापाशी बसली, हात झाकणीवर ठेवून.

"आता माग," ती म्हणाली.

सरिता गुडघ्यांवर बसली. इतक्या वर्षांत इतक्या गावांतून तिनं बी नेलं होतं, पण या वाक्याचे शब्द तिला शोधावे लागले. ते सापडले नाहीत, तेव्हा तिनं नुसती ओंजळ पुढं केली.

भामाबाईनं झाकणी उचलली नाही. ती त्या ओंजळीकडं बघत राहिली.

"कुनासाठी?" तिनं विचारलं.