डाव्या गालातली जागा

विजयमालाने विजेरी पेटवून लाकडी पट्टी पुढे केली, तशी समोरच्या बाईने ओठ घट्ट मिटले आणि पदर तोंडावर ओढून घेतला.

"मावशी, दोन मिनिटं फक्त. दुखणार नाही."

बाई डोळ्यांनी हसली, पण पदर काही काढला नाही. मागे खडीच्या ढिगावर बसलेली लंकाबाई हातातला हातोडा खाली न ठेवता ओरडली,

"बाजारात बैलाचे दात बघत्यात तसं बघाया आली व्हय गं? दावनीला बांधती का काय आमाला?"

सगळा ढीग हसला. समोरची बाई त्याच हसण्याचा आडोसा करून उठली आणि निघून गेली.

सकाळपासून तीन कार्डं भरली होती. महिन्यात तीनशे भरायची होती. पाथर्डीच्या पूर्वेला या उजाड माळावर पाझर तलावाचं दुष्काळी काम चालू होतं, आणि एका ठिकाणी दोनशे बायका सापडतील म्हणून ऑफिसने तिला इथे धाडलं होतं. विज्ञानाची पदवी घेऊन सहा महिने झाले होते. ही तिची पहिली नोकरी, तीही तात्पुरती. तोंडाच्या कर्करोगाची पाहणी होती. बाई मिश्री लावते का, किती वर्षं, दिवसातून कितीदा, आणि गालाच्या किंवा हिरडीच्या आत पांढरा डाग आहे का, एवढंच बघायचं, मोजायचं, लिहायचं. रोग ठरवायचं काम डॉक्टरांचं. ते पंधरा दिवसांनी येणार होते.

सुकडी वाटून झाली होती. मुकादमाची शिट्टी व्हायला अर्धा तास उरला होता. जीपला टेकून उभा असलेला ड्रायव्हर छगन म्हणाला,

"ताई, ह्या अशा न्हाई उघडायच्या तोंड. उद्या दुसरं गाव धरू."

तेवढ्यात बांधावरून एक उंच, वाळकी बाई पाटी घेऊन उतरली. पाटी खाली टाकून तिने विजयमालाचा पांढरा कोट पाहिला, हातातली विजेरी पाहिली, मग जीप पाहिली. आणि कमरेचा पदर सोडून तिने एक गोल डबी बाहेर काढली. लाल झाकण, त्यावर दात दाखवून हसणारी एक बाई.

"अगं ए येड्यांनो," ती म्हणाली, "ही डबीवाली हाय! दिवाळीच्या टायमाला गाडी आल्ती न्हवं का गानी लावून? तिच्यात बी पांढऱ्या डगल्याची बाई हुती. तिनं अशीच बत्ती मारून दात बघितले, मग डब्या वाटल्या. ही तिचीच धाकली भन दिसती."

चांदणी मिश्रीची ती जाहिरात विजयमालाच्या ओळखीची होती. नगरच्या एस.टी. स्टँडच्या भिंतीवर तीच बाई पुरुषभर उंचीची रंगवलेली होती, आणि खाली अक्षरं होती: 'जिथे दुखे, तिथे चांदणी'. त्या ओळीचं गाणं केलेलं होतं. कंपनीची गाडी बाजाराच्या दिवशी ते वाजवत गल्लोगल्ली फिरायची. छगन गाडी चालवताना कधीकधी तेच गुणगुणायचा.

विजयमालाने 'नाही' म्हणायला तोंड उघडलं. पण हातोडे खाली पडले होते, बायका उठल्या होत्या, ढिगापासून जीपपर्यंत रांग लागत होती. सवयीने तिने मोजलं. सव्वीस. छगन तिच्याकडे पाहत होता.

"बसा मावशी," ती म्हणाली. "नाव काय तुमचं?"

"रंगुबाई."

"वय?"

"आता वय कुठनं सांगू? मोठ्या दुष्काळात मी पाळन्यात हुते म्हनं. लिवा चाळीस."

मिश्री किती वर्षं, हा रकाना होता. तयार डबीतली की घरी भाजलेली, हा नव्हता. तरी विजयमालाने विचारलं. कार्ड छापणाऱ्याला हा प्रश्न सुचला नाही, याचं तिला पहिल्या दिवसापासून नवल वाटत होतं.

"आदी घरीच करायचो की. तव्यावर तंबाकू भाजायची, कुटायची. धूर लई, खोकून खोकून जीव जायचा. मग सकाळ-संध्याकाळ काय ते लावायचो. आता डबी कमरंलाच असती. चार येळा तरी हुतं. भूक मरती बघा ह्यानं. सुकडीवर काय दिस निघतोय व्हय?"

विजयमालाने समासात बारीक अक्षरात लिहिलं: डबी, ४. पूर्वी घरची, २.

मग तिने विजेरी आत धरली. डाव्या बाजूला, खालची हिरडी आणि गाल जिथे मिळतात त्या खाचेत, एक पांढरट चकती होती. वाळलेल्या चुन्यासारखी. पट्टीने घासून जाईना. तिने मोजपट्टी लावली. तेरा मिलिमीटर. एक कड लालसर होती. तिने कार्डावरच्या तोंडाच्या आकृतीत ती जागा काढली. अशी लाल कड तिने आतापर्यंत फक्त पुस्तकातल्या चित्रात पाहिली होती.

"मावशी, इथं डाव्या गालात एक डाग आहे. दुखतो?"

"न्हाई. तिखट खाल्लं की चुनचुनतंय."

"पंधरा दिवसांनी डॉक्टर येतील, त्यांना नक्की दाखवा. आणि मिश्री..."

रंगुबाई वाट पाहत होती. तिच्या मागे लंकाबाई आपली पाळी येईल म्हणून चूळ भरून तयार होती. आणखी चोवीस जणी त्या उन्हात उभ्या होत्या, आणि त्यातल्या अर्ध्याअधिक जणींच्या हातात लाल झाकणाच्या डब्या होत्या.

"या जागेची काळजी घ्या," विजयमाला म्हणाली.

रंगुबाईने डबीचं झाकण उघडलं. झाकणाच्या आतून आरसा बसवलेला होता. तिने गाल बोटाने ओढला, आरसा तिरपा केला, आणि जन्मात पहिल्यांदाच आपल्या तोंडाच्या आत पाहिलं.

"हितंच न्हवं?"

"हं. तिथंच."

कार्डाच्या तळाशी 'दिलेला सल्ला' असा रकाना होता. विजयमालाने लिहिलं: जागेची काळजी घेण्यास सांगितले.

शिट्टी होईपर्यंत एकोणीस कार्डं झाली. दुसऱ्या दिवशी बायका आपण होऊन आल्या. दोन दिवसांत एकशे चौदा. निघताना रंगुबाईने जीपच्या टपावर थाप मारली.

"आन डब्या, बाई?"

"संपल्या आक्का," छगन म्हणाला. "फुडच्या खेपंला."

विजयमाला कार्डांचा गठ्ठा दोरीने बांधत होती. तिने गाठ सोडली आणि पुन्हा बांधली.

पंधरा दिवसांनी जीप दुष्काळाच्या कामाला लागली आणि डॉक्टरांचं जाणं लांबलं. विजयमालाने दोनदा स्मरणपत्र टाइप केलं. नगरला सावेडीच्या ऑफिसात बसून तिने सगळी कार्डं मोठ्या तक्त्यावर चढवली, आणि समासातल्या नोंदींचा एक वेगळा तक्ता केला. घरची मिश्री लावणाऱ्या बायका दिवसातून सरासरी दोनदा लावत होत्या. डबीवाल्या चारदा. तिने तो डॉक्टरांना दाखवला. डॉक्टर वयस्क, सावकाश बोलणारे होते. त्यांनी चष्मा काढून तक्ता नीट पाहिला.

"छान केलंय. पण हा प्रश्न आपल्या कार्डात नाही ना."

रंगुबाईचं कार्ड तिने गठ्ठ्यात सर्वांत वर ठेवलं होतं.

जूनच्या पहिल्या आठवड्यात जीप मिळाली. तलावाचा बांध आता डोक्याच्या वर गेला होता. बायका तेवढ्याच होत्या, अधिक काळवंडलेल्या. जीप थांबताच रंगुबाई पाटी टाकून आली. तिचा डावा गाल किंचित फुगलेला होता आणि ती उजव्या बाजूने बोलत होती.

"आली गं माझी बाई! किती वाट बघाया लावती?" तिने विजयमालाच्या तोंडावरून दोन्ही हात फिरवून कानशिलांवर बोटं मोडली. मग डॉक्टरांना म्हणाली, "ह्या पोरीनं मला जागा दावली. हिनं सांगितलं नसतं तर मला कुठं कळलं असतं?"

डॉक्टरांनी तिला खुर्चीवर बसवलं. बराच वेळ ते आत बघत राहिले. मग मोजपट्टी लावली.

"चौतीस," ते म्हणाले. विजयमालाने लिहिलं.

"बाई, तुम्ही मिश्री बंद केली नाही?"

"बंद?" रंगुबाई हसू लागली, आणि दुखलं म्हणून थांबली. "काळजी घे म्हनली न्हवं का ही. तवापासून एक दिस चुकले न्हाई. आदी समद्या दातांस्नी लावायचे, आता निम्मी चिमूट नेमकी त्या जागंवरच धरते. निजताना बी. गान्यात बी तेच म्हनत्यात की, जितं दुखं तितं."

डॉक्टरांनी जुनं कार्ड उलटं करून खालचा रकाना वाचला. मग ते विजयमालाकडे वळून हलक्या आवाजात म्हणाले,

"तुम्ही सांगितलं होतं. तुमच्याकडून काही राहिलेलं नाही."

विजयमालाने चौतीसचा आकडा पुन्हा गिरवला.

डॉक्टरांनी रंगुबाईला पुण्याला जायला सांगितलं. तुकडा काढून तपासावा लागेल, उशीर नको, मिश्री आजपासून बंद. रंगुबाईने सगळं मान हलवून ऐकलं आणि शेवटी विचारलं, "मग माझा खाडा किती दिसांचा पडंल?" उत्तर ऐकून ती उठली आणि शेजारच्या दगडावर जाऊन बसली.

पुढच्या बायका येत गेल्या. लंकाबाई आली. डाव्या गालात, खालच्या खाचेत, फिकट पांढरा पट्टा. तिच्यामागची आली. डावा गाल, खालची खाच. सातव्या बाईनंतर डॉक्टरांनी विजेरी विझवली आणि कार्डं पुन्हा चाळली.

"विचित्र आहे. जानेवारीत यातल्या एकीलाच डाग होता. आता सातपैकी सहा जणींना, आणि सगळे डावीकडे, सगळे एकाच जागी. असं कधी पाहिलं नाही मी." त्यांच्या आवाजात एक तरुण उत्सुकता आली होती. "उजव्या हाताच्या बोटाने लावतात म्हणून असेल? पण मग आधीच्या वर्षांत का नाही? लिहून ठेवा. कारणाचा शोध घ्यायला हवा."

विजयमालाने दगडाकडे पाहिलं. रंगुबाईने डबीचं झाकण उघडलं होतं. तिच्यापुढे एक नवी सून उकिडवी बसली होती, वीस-एकवीस वर्षांची. रंगुबाई आरसा तिच्या तोंडासमोर धरून आपल्या फुगलेल्या गालावर बोट ठेवून दाखवत होती.

"हितं. कंपनीच्या बाईनं मला सोता दावली ही जागा. समद्यांस्नी मीच शिकवली."

पेन खाली ठेवून विजयमाला उठली.

"मावशी, ठेवा ती डबी. सगळ्यांनी ऐका," ती म्हणाली. आवाज तिला वाटला होता त्यापेक्षा मोठा निघाला. "मी कंपनीची बाई नाही. कधीच नव्हते. त्या दिवशी तुम्ही तसं म्हणालात आणि मी गप्प बसले. मी डबीवाली नाही. या मिश्रीनेच हे डाग पडतात. मला तेव्हाच सांगायला हवं होतं."

डॉक्टरांनी हळूच तिच्याकडे पाहिलं. त्यांच्या हातातलं कार्ड तसंच राहिलं. जीपजवळ छगनने मान फिरवली.

लंकाबाईने तोंडावर पदर घेतला आणि तिचे खांदे हलू लागले.

"आता गं बया! डब्या द्यायच्या न्हाईत म्हनून किती सोंग करती ही!"

रांगेत हसू पसरत गेलं. रंगुबाईही हसली, उजव्या बाजूने, आणि दोन बोटांनी डबीचं झाकण टक्कन बंद केलं.

"ऱ्हाऊ दे गं. न्हाई तर न्हाई. ते मोठं डाक्टर आल्यात आज, त्यांच्यासमूर काय बोलंल बिचारी?" ती त्या सुनेला म्हणाली, "जा, तू दावून घे. मुक्ता नाव लिवा हिचं."

मुक्ता येऊन खुर्चीवर बसली. पदर सारखा केला. विजयमालाने विजेरी पेटवली, आणि ती काही सांगायच्या आत मुलीने तोंड उघडून, बोट घालून, डावा गाल आपणच बाजूला ओढून धरला.