सुगंधाबाईंनी झाकून ठेवलेला अंतरा

मित्रांनो, धुळ्याच्या एका कन्याशाळेच्या संगीतखोलीत खिडकीजवळ एक जुना तंबोरा उभा असतो. तोच मी. मिरजेच्या कारागिराने भोपळा सुकवून मला घडवले आणि सावद्याच्या सुगंधाबाईंनी घरी आणले.

बाई गाणे शिकवीत, नव्या बंदिशीही रचीत. पहाटे तुळशीला पाणी घातले, की माझ्या भोपळ्याला हळदकुंकू लावायच्या आणि मगच तारा छेडायच्या. त्यांच्या रचनांचे सगळीकडे कौतुक होई. पण एकदा भुसावळच्या जलशात एका गवयाने त्यांचीच बंदीश स्वतःची म्हणून गायली. तो पूर्वी आमच्या ओसरीवर बसून ती ऐकून गेला होता.

तेव्हापासून घराच्या खिडक्या बंद झाल्या. बाई शिष्यांना बंदिशीचा पहिला भाग, म्हणजे अस्थाई, तेवढाच शिकवायच्या. पुढचा अंतरा झाकून ठेवायच्या. कोणी पिशवी घेऊन आले, की आत टेपरेकॉर्डर तर नाही ना, म्हणून तिच्याकडे बघत राहायच्या. हळूहळू मलाही तीच सवय लागली.

प्रमिलावर तर माझा फार संशय! केळीवाल्या उखर्डूभाऊंची ही लेक शिकवणीच्या आधीच येऊन ओसरीवर थांबायची. बंद खिडकीआड बाई तेव्हा एकट्याच अंतरा गात असत. चपला काढायला एवढा वेळ लागतो का कुणाला?

१९९१ साली जळगावच्या एका सभेत प्रमिला गाणार होती. गाणे पसंत पडले, तर तिला या शाळेत संगीतशिक्षिका म्हणून घेणार होते. उखर्डूभाऊ बाईंकडे आले.

"बाई, अर्धा घड झाडावर ठेवून कोनी केळी कापतं का? द्या ना पोरीला सगळं गानं!"

"भाऊ, तुमच्या मळ्याला तारेचं कुंपण कशाला आहे हो?"

"ते डुकरांसाठी हाये. आमची प्रमिला डुक्कर हाये का?"

बाईंना हसू आले. अंतरा मात्र त्यांनी दिला नाही.

सभेत प्रमिलाने मला जवळ घेतले आणि अस्थाई सुरू केली, "पाट आला भरुनी माय, पाट आला भरुनी." पहिल्या रांगेत बाई जपमाळ घट्ट धरून बसल्या होत्या. आता ही चोरलेला अंतरा काढणार, मी मनात म्हटले. पण ती पुन्हा पुन्हा अस्थाईवरच येत राहिली.

निवड करायला आलेले शाळेचे धनसिंगनाना शेवटी म्हणाले, "पोरी, अंतरा कुठाय? विसरलीस का?"

"नाही नाना. तो बाईंचा आहे. त्यांनी अजून दिला नाही."

मागे कोणी तरी फिसकन हसले. उखर्डूभाऊंनी मान खाली घातली. नानांनी पेनाला टोपण लावले.

बाईंनी एकदा मागे वळून सगळ्यांच्या पिशव्या न्याहाळल्या. मग डोळे मिटून जागेवरूनच गाऊ लागल्या, "जाऊ दे खाली, जाऊ दे..."

"...शेजारीण उभी बांधावरी," प्रमिलाने पुढची ओळ उचलली. कधीच न शिकवलेली ओळ, पण एकही हरकत चुकली नाही. बाईंनी डोळे उघडले. ओसरीवरच्या पोरीला सगळे आधीपासूनच येत होते! त्या गायच्या थांबल्या आणि 'तूच गा' अशी तिला हाताने खूण केली. नाना टोपण काढायला लागले.

बाईंनी मलाही प्रमिलाबाईंबरोबर इथे पाठवले, ते असे. मित्रांनो, मला हाती घ्याल तेव्हा अंगठी काढून ठेवा, तारा हळू छेडा. पण गवसणीच्या खोळीत कोंडून ठेवू नका; न वाजवलेल्या तारा गंजतात. नव्या हाताकडे मी अजूनही आधी संशयानेच बघतो. तरी तुम्ही या.