मेदानमधला माझा उलटा दिवस

मी जुना कॅमेरा आहे, पण मला भंगार म्हणायचं नाही. सांगून ठेवतो.

जन्म कारखान्यात झाला, पण खरं आयुष्य सुरू झालं सोलो शहरातल्या रात्रीच्या हातात. रात्री हे तिचं नाव. तिला अनोळखी शहरांत एकटीनं भटकायचं आणि त्याची फिल्म बनवायची भारी हौस. मागच्या फिल्ममध्ये नुसत्या मशिदी, पूल आणि मनोरे होते. गल्लीच्या सभागृहात अर्धे लोक झोपले. मोठी बहीण निंग्रुम म्हणाली, "पुढची अशीच असेल तर मला बोलावू नकोस. घरी झोपते, उशी तरी असते."

म्हणून या वेळी मेदान, समुद्रापलीकडचं गजबजलेलं शहर. हातात एकच दिवस. ही फिल्म पडली तर रात्री मला कायमचं ठेवून देणार होती.

आता घोळ ऐका मित्रांनो. माझा लाल दिवा दिसला की माणसं पुतळ्यासारखी उभी राहतात. म्हणून रात्रीनं त्यावर काळी पट्टी चिकटवलेली. पिशवीतून काढतानाच तिच्या बोटानं मी सुरू झालो. राजवाड्यासमोर तिनं बटण दाबलं, तर मी बंद! उन्हात माझा पडदाही काळा ठिक्कर. दिवसभर तिला वाटायचं मी बघतोय तेव्हा मी झोपलेलो, आणि तिनं मला कमरेला लटकवलं की मी टक्क जागा.

आणि काय काय बघितलं मी! रिक्षावाल्या तोगारची तीनचाकी आम्हाला घेऊन गचके खात निघाली, थांबली ती थेट ड्युरियन ही काटेरी फळं विकणाऱ्या बाईपाशी. दोघं जे काय ओरडायला लागले!

रात्री घाबरली. "दादा, भांडू नका ना."

"भांडतंय कोण?" तोगार म्हणाला. "मावशी आहे माझी. जेवलास का विचारतेय."

मावशीनं कोयता फळात घातला. "तू सोलोची ना? तुम्ही लोक बोलता की कानात फुंकर घालता?"

संध्याकाळी खोलीवर रात्रीनं मला तपासलं. राजवाडा नाही, मशीद नाही. नुसत्या चपला, चाकं, तिरपी माणसं. सकाळी विमान. रडत रडत तिनं सगळं पुसायला बोट ठेवलं. मला इतका राग आला, पण मला कुठे तोंड आहे?

तेवढ्यात तिचं बोट घसरलं आणि माझ्यातून मावशी गरजली. रात्रीला हसू फुटलं. तिनं सगळं तीनदा बघितलं आणि हे लोकांना दाखवू का, असं विचारायला तोगारला फोन लावला.

"दाखव की," तो म्हणाला. "फक्त मावशीचं शेवटचं वाक्य काप. नाहीतर तिला वाटेल तीच जिंकली."

शनिवारी सभागृहात चित्र तिरपं, म्हणून अख्खी गल्ली माना वाकड्या करून बसली. कुणी झोपलं नाही. निंग्रुम म्हणाली, "मावशीचं परत लाव."

त्यानंतर आम्ही अकरा शहरं पालथी घातली. आता रात्री फोनवर फिल्म काढते आणि मी कपाटात असतो. चालायचंच.

पण मित्रांनो, तुमच्या घरी माझ्यासारखा कुणी असेल तर त्याची बॅटरी काढून ठेवा, फुगते ती. काच मऊ फडक्यानं पुसा. आणि आतलं काहीही काढून टाकण्याआधी एकदा शेवटपर्यंत बघा, मान वाकडी करावी लागली तरी.