चिंचेखालची जागा

उकंडरावांनी खराटा उचलला आणि चिंचेखालचा पाला पुन्हा झाडायला घेतला, जरा जोरातच. खाली झोपलेल्या तिघांपैकी कोणी हललं नाही.

जिनिंग कारखान्याला आग लागली तेव्हा हे तिघं दाराजवळ होते, म्हणून बाहेर पडले. उकंडरावांचा मुलगा इंद्रभान आत कापसाच्या गंजीपाशी होता. तेरवी झाली, पाहुणे पांगले, आणि त्यानंतर रोज दुपारी ही पोरं अंगणात येऊ लागली. रामराम करायची, माठातलं पाणी प्यायची आणि चिंचेखाली आडवी व्हायची. गाव म्हणायचं, म्हाताऱ्याला सोबत करून राह्यले. उकंडरावांना मात्र वाटायचं, यांना झोप येते तरी कशी?

आज राजकुमारने डोळे उघडले, तेव्हा त्यांच्या तोंडून निघूनच गेलं.

"काऊन रे, तुमच्या घरी सावली नाही काय?"

राजकुमार उठून बसला. मनगटावरची नवी कातडी गुलाबी दिसत होती.

"घरी डोळा लागत नाही, काका. मिटला का धूर येते. तिघायचंही तसंच हाय."

"अन् इथं?"

"इथं तुमी जागे असता."

उकंडरावांचा हात थांबला. आगीच्या दिवसापासून त्यांचीही पापणी मिटली नव्हती. ते कोणाला ठाऊक असेल, असं त्यांना वाटलं नव्हतं. खराटा भिंतीला टेकवून ते खाली बसले. शेजारी झोपलेल्या ज्ञानेश्वरच्या तोंडावर ऊन आलं होतं. ते थोडे सरकले, तशी त्यांची सावली त्याच्या कपाळावर पडली.

दार करकरलं. इतके दिवस आतल्या खोलीतून बाहेर न आलेली सून, अनुपमा, ओट्यावर येऊन बसली. बराच वेळ ती झोपलेल्यांकडे पाहत राहिली.

"बाबा, पडा तुमी बी," ती म्हणाली. "मी हावो जागी."

पोरांच्या शेजारी ते कुशीवर झाले. दूर नांदुऱ्याकडे गाडी गेली. चिंचेची बारीक पानं अंगावर उतरत राहिली, मग ती पानं आहेत की कापूस हे कळेनासं झालं, आणि धूर काही आला नाही. कोणीतरी हळूच सरकून त्यांना जागा करून दिली.

कोण, ते पाहायला उकंडरावांनी डोळे उघडले नाहीत.