कापलेले चाळीस सेकंद

नकळत घडलेल्या चुकीचा दोष माणसाच्या माथी मारावा का, या एका प्रश्नावर तिला माहितीपट करायचा होता. तत्त्वज्ञानाचे दोन प्राध्यापक तासन्‌तास बोलले, पण पडद्यावर काही जीव येईना. मग तिला गोदीतले निवृत्त क्रेनचालक काका सापडले. सात वर्षांपूर्वी त्यांच्या क्रेनवरून माल निसटला आणि खाली उभा असलेला त्यांचा जोडीदार जागीच गेला.

काका आधी दाद देईनात. तिने महिनाभर उंबरे झिजवले, तेव्हा कुठे एका दुपारी स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसून त्यांनी तोंड उघडलं. "साखळी झिजली होती. मुकादमाला तीनदा सांगितलं. म्हणाला, आजचा दिवस रेट." मग म्हणाले, "पण लिव्हर माझ्या हातात होता. दोष माझाच."

"साखळीचं तसंच राहू दे गं," संकलनाला बसल्यावर संकलक तिला म्हणाला.

"नको. साखळी आली की प्रश्न बोथट होतो. सगळं मुकादमावर ढकलून लोक मोकळे होतात."

चाळीस सेकंद कापले गेले. महोत्सवात माहितीपट गाजला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते आणि ती हरखून गेली होती.

चौथ्या दिवशी काकांच्या मुलीचा फोन आला. "ताई, बाबांनी अन्न टाकलंय. काकू आमच्याशी बोलेनाशा झाल्यात." काकू म्हणजे त्या गेलेल्या जोडीदाराची बायको. इतकी वर्षं त्या दर रविवारी काकांच्या घरी यायच्या. "त्या म्हणतात, साखळीची गोष्ट खरी असती तर सिनेमात आली नसती का?"

तिने फोन ठेवला. ती तडक काकांकडे गेली.

"चांगला झालाय सिनेमा, पोरी," काका म्हणाले. त्यांच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच तिला सोसवेना.

"काका, साखळीचं मी कापलं."

"म्हणजे मी कॅमेऱ्यापुढे बोललो होतो ना? मला वाटायला लागलं होतं, मीच मनाशी रचलं की काय."

त्याच संध्याकाळी लॅपटॉप घेऊन ती काकूंच्या दारात उभी राहिली. काकूंनी ते चाळीस सेकंद तीनदा पाहिले.

"कुणी काढलं हे?"

"मी."

"चुकून?"

खोटं बोलायला जागा होती. "नाही," ती म्हणाली. "समजून उमजून."

काकूंनी तिला ना बस म्हटलं, ना जा. चपला पायात सरकवल्या आणि काकांच्या घराच्या दिशेने चालू लागल्या.

महोत्सवातून तिने माहितीपट मागे घेतला आणि ते सेकंद परत जोडले. नवी प्रत फारशी कुणी वाखाणली नाही. काकू पुन्हा रविवारी जाऊ लागल्याचं काकांच्या मुलीने कळवलं, पण "तुम्हीही या" असं काही मुलगी म्हणाली नाही. तिनेही "येऊ का" असं विचारलं नाही.