वहिनीचे ठोके

माझ्या वहिनीला तुम्ही नेलंत. तुमच्याच नियमाने ती निर्दोष होती, तरी नेलंत.

नियम तुमचा. काम होईनासं झालेल्या माणसाला न्यायला गाडी येणार आणि अख्ख्या इमारतीने दारात उभं राहून बघायचं. प्रत्येकाच्या मनगटावर ठोके मोजणारा पट्टा. परक्यासाठी ज्याचं काळीज धडधडेल, त्यालाही त्याच गाडीत कोंबायचं. गेलेलं कुणी परत आलेलं नाही.

त्या सकाळी पाळी शिंपीकाकांची होती. त्यांना सुईत दोरा ओवता येईना. आणि वहिनी अशी, की कुणाचं पोर ठेचकाळलं तरी हिच्या डोळ्यांत पाणी. आज ती वाचत नाही, हे सगळ्यांनाच दिसत होतं.

तोड शेजारच्या लठ्ठ वेल्डरने काढली. "गाडी येईपर्यंत खालच्या नळावरून बादल्या भरायच्या आणि वर पळायचं. सगळ्यांचेच ठोके वाढले तर नेतील कुणाकुणाला?"

"ढोल्या, तू पळू नकोस. जिना खचेल," आई म्हणाली.

"मावशी, मी जिना नुसता बघितला तरी ठोके वाढतात!"

हसलो, बादल्या उचलल्या. वहिनीनेही बादली उचलली. आईने ती हिसकावली. "तू बस गं. तुझं काळीज आधीच फडफडतंय." तिथेच आमचं चुकलं.

छाती फुटेस्तोवर पळालो. एरवी पट्ट्याच्या धाकाने एकमेकांकडे न बघणारी माणसं एकमेकांच्या बादल्या ओढत होती. वहिनी पायरीवर बसून बघत राहिली. मी धापा टाकत शेजारी उभा राहिलो, तर म्हणते, "भावजी, आज पहिल्यांदाच मला भीती वाटत नाहीये."

तेवढ्यात खाली गाडीचा भोंगा वाजला.

शिंपीकाकांना गाडीतल्या दोघांनी दंडाला धरून जिन्यावरून उतरवलं. तिसरा यंत्र घेऊन दारोदार फिरला. सगळ्यांचे पट्टे लाल. वहिनीचा एकटीचा हिरवा. तो थांबला. मला वाटलं, सुटलो.

"सगळी इमारत पेटलीय आणि ही तेवढी थंड?" तो म्हणाला. "हिनेच चिथावलंय सगळ्यांना. घ्या हिला."

आम्ही सगळे तिथेच होतो. एकही जण दारातून पुढे आला नाही. आईने माझा हात असा आवळला की नखं रुतली. वहिनी मात्र काकांना गाडीची पायरी चढायला हात देत होती.

दादा कामावरून आला तो वहिनीला हाक मारतच. खाली रस्त्यावर गाडी वाजली की अख्खी इमारत श्वास रोखते.

धडधडलं तर गुन्हा, नाही धडधडलं तरी गुन्हा. मग आम्ही या काळजाचं करायचं काय? वहिनी कुठे आहे? बोला.