आईच्या निळ्या गोळ्या

रविवारी दुपारी नोरीन जेवायला बसली, तेव्हाही तिचा जबडा चालतच होता. शनिवारची अख्खी रात्र मँचेस्टरच्या एका तळघरात नाचून ती स्टॉकपोर्टला घरी परतली होती. आईला मात्र मैत्रिणीकडे राहिले म्हणून सांगितलं होतं. समोर भाजलेलं मटण आणि बटाटे होते, पण घास उतरत नव्हता.

"खा की गं! सतरा वर्षांची घोडी आणि चिमणीएवढं खातेस," आई, एडना, म्हणाली. "आणि ते च्युइंगगम थुंक आधी."

नवरा गेल्यावर डॉक्टरांनी एडनाला निळ्या गोळ्या दिल्या होत्या, मन रमावं आणि वजनही उतरावं म्हणून. एकोणीसशे सहासष्ट साली गल्लीतल्या निम्म्या बायका त्याच घेत. डॉक्टरही असे दिलदार, की मागेल तिला देत. पोरांचं फावलं. चार गोळ्या पोटात गेल्या की भूक मरे, आणि पाय सकाळपर्यंत थांबत नसत, जबडा तर त्यानंतरही. नोरीन दर शनिवारी आईच्या बाटलीतून सहा-सात उचलायची. घरातलीच तर बाटली, चोरी कसली, असं मनाला समजवायची. मन काही समजत नव्हतं.

"मी कारखाना सोडला," एडना म्हणाली.

"काय? का पण?"

"गोळ्या कमी भरतात गं. रोज दोनच घेते म्हणते, आणि बाटली आधीच तळाला! म्हणजे घेतलेलं मला आठवत नाही. तुझ्या आजीचं असंच सुरू झालं होतं."

आजीची शेवटची नऊ वर्षं वेड्यांच्या इस्पितळात गेली होती.

"टोप्या दाबायच्या यंत्रावर अशी विसरभोळी बाई कशाला? वीस वर्षं झाली तिथे. म्हटलं, बोटं शाबूत आहेत तोवर निघावं."

नोरीनला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आता बोलायलाच हवं होतं. आई, तुझं डोकं ठिकाणावर आहे, चोर मी आहे. एवढंच. शब्द ओठांपर्यंत आलेही.

तेवढ्यात एडनाने एप्रनच्या खिशातून बाटली काढून तिच्या हातात ठेवली. "आजपासून तूच सांभाळ. सकाळी दोन काढून देत जा. माझा माझ्यावर भरवसा नाही, तुझ्यावर आहे."

"आई, मी..."

"रडतेस काय वेडे? अजून तुला ओळखते ना मी?"

नोरीनने नुसती मान हलवली. डोळ्यांतलं पाणी खळत नव्हतं, आणि त्या पाण्यातूनच तिने बाटलीतल्या गोळ्या मोजल्या. शनिवारपुरत्या होत्या.